नागपूर, ऐकू येतंय?

हेडफोनमध्ये माझं नाव नागपूर आहे.
मुंबईच्या कंट्रोल रूममधून कुणीतरी,
ज्याचं तोंड मी कधी पाहिलेलं नाही,
सकाळी साडेसातपासून हाक मारतं,
नागपूर, ऐकू येतंय?
आणि मी, प्रणोती खापेकर, राहणार तांडापेठ,
अख्ख्या शहराच्या वतीने म्हणते, येतंय.

डिसेंबर. अधिवेशनाचा दुसरा आठवडा.
व्हॅनच्या छतावर डिश आ वासून बसलेली,
उइकेभाऊ दाताच्या डॉक्टरसमोर बसतात तशी.
आत एसी मशीनसाठी, थंडी आमच्यासाठी.
स्वेटरवर जॅकेट, जॅकेटवर शाल,
बोटं तेवढी उघडी.
फेडरला हातमोजा कळत नाही.

टी-पॉइंटला बॅरिकेड. मोर्चा अडवलेला.
काल कोतवाल होते, परवा विनाअनुदानित मास्तर,
आज अंगणवाडीच्या बाया,
गडचिरोलीपासून रात्रभर एसटीने आलेल्या,
डांबरावर पेपर अंथरून बसलेल्या.
निषाद त्यांच्याकडे पाठ करून उभा आहे,
कॅमेऱ्याला त्या मागे दिसायला हव्यात म्हणून.
त्याच्या कॉलरखाली माइक मीच लावलाय.
लाइव्हच्या आधी तो दर वेळी एक आवंढा गिळतो.
हे त्याच्या बायकोलाही माहीत नसेल.

पाच. चार.
नागपूर, मागचा गोंगाट खाली घे.
घेतला.
तीन हजार बाया माझ्या मधल्या बोटाखाली
हळूहळू बसल्या,
दुधाखालची आच कमी करावी तशा.
गप्प नाही केल्या. इतक्याच लांब नेल्या
की घरी बघणाऱ्याला वाटावं,
दूर कुठे बाजार भरलाय.
हे माझं काम आहे
आणि मी ते चांगलं करते.

अकरा बेचाळीसला निषादच्या माइकची बॅटरी गेली.
तो बोलतोच आहे. ओठ हलतायत.
नागपूर, आवाज! नागपूर!
दुसरा माइक उजव्या हाताशी होता,
पण डावा हात आधी निघाला
आणि गर्दीचा फेडर पार वर गेला.

नेमक्या तेव्हा घोषणा थांबल्या होत्या.
देशभर गेलं ते एवढंच:
चहावाल्याचे ग्लास बादलीत बुडल्याचा आवाज,
कुणाचा तरी खोकला,
आणि माइकपासून दोन हातांवर एक बाई,
कुणाला असं नाही, सहज,
"पाय सुजले वो माय.
कोणाजवळ घोटभर पानी हाय काय?"

सात सेकंद.
मग मी बाजार पुन्हा लांब नेला,
निषादच्या हाती दुसरा माइक आला,
महामहीम, सभागृह, कामकाज तहकूब.

नागपूर, ते काय होतं?
चुकून, मी म्हणाले.
संध्याकाळी खुलासा मागणारा मेल आला.
लिहिलं: बॅटरी.
तेही खोटं नव्हतं.

उइकेभाऊ केबल गुंडाळत होते,
एक वेढा वरून, एक खालून,
म्हणजे उद्या गाठ बसत नाही.
तर्री-पोह्यांची प्लेट त्यांनी जनरेटरवर ठेवली होती, गरम राहावी म्हणून.
सात सेकंदांबद्दल काही बोलले नाहीत.
फक्त तर्री जास्त घालून आणली होती.

घरी बाबा टीव्हीसमोर.
चौतीस वर्षं पॉवरलूमवर काढली,
कान तिथेच राहिले.
आवाज पूर्ण करून ठेवतात
आणि तरी तोंडं बघत बसतात नुसती.
माझं काम त्यांना कधी सांगता आलं नाही.
वायरमन आहे पोरगी, असं ते लोकांना सांगतात.

मी चप्पल काढत होते.
मान न वळवता त्यांनी विचारलं,
"थे बाई पानी मांगत होती ना दुपारी,
भेटलं का तिले?"

भेटलं, मी ओरडून सांगितलं,
शेजारच्या तीन घरांत ऐकू जाईल इतक्या जोरात.

मला माहीत नाही.
मी फेडर खाली घेतला होता.